जव, लिंबू आणि दाणे : एका पेल्याची उलटतपासणी

पुणे-नगर रस्त्यावरच्या हॉटेलांत मेनूकार्डावर ‘मॉकटेल’ असे वेगळे पान असते. मॉकटेल म्हणजे कॉकटेलचे सोंग : थाट सगळा तोच, फक्त दारू वजा. या पानावर अधूनमधून बदामाचे सिरप आणि लिंबू एकत्र केलेले एखादे पेय भेटते. वाचणाऱ्याला ते परक्या मुलखातले वाटते. याउलट घरगुती सरबतांविषयी बोलताना आपण ‘आपले पारंपरिक, हजारो वर्षांचे’ असे सहज म्हणून जातो. या दोन्ही समजुती एकाच पेल्यात तपासता येतात. त्यासाठी शिरूर तालुक्यातले इनामगाव ही मला सर्वांत सोयीची जागा वाटते. कारण इथे तीन हजार वर्षांपूर्वी काय पिकत होते, याचा जळक्या दाण्यांच्या रूपाने पुरावा आहे.

आधी त्या परक्या पेयाचे कूळ पाहू. बदाम आणि लिंबू यांची जगातली सर्वांत प्रसिद्ध जोडी ‘माय ताय’ या कॉकटेलमध्ये आहे. रम, लिंबाचा रस, संत्र्याची मदिरा आणि ‘ऑर्झा’ नावाचे बदामाचे सिरप असा त्याचा मेळ. आपण ते १९४४ साली कॅलिफोर्नियातल्या ओकलंडमध्ये तयार केले, असे व्हिक्टर बर्जरॉन या हॉटेलमालकाचे सांगणे होते. त्यातली मदिरा काढली की नटी सिट्रस मॉकटेल उरते. परंतु ‘ऑर्झा’ हा शब्द बदामाचा नाही. लॅटिनमध्ये जवाला ‘हॉर्डियम’ म्हणतात. त्यापासून फ्रेंचमध्ये ‘ऑर्झा’ आणि स्पॅनिशमध्ये ‘ओर्चाता’ हे शब्द आले. मूळ पेय जवाच्या पाण्याचे होते. पुढे त्यात बदाम शिरला, मग जव बाहेर पडला आणि नाव तेवढे मागे राहिले. म्हणजे या श्रीमंती पेल्याच्या तळाशी एक साधे धान्य आहे. ते धान्य इनामगावला पिकत होते.

इनामगाव घोड नदीच्या उजव्या काठावर आहे. १९६८ ते १९८३ या काळात पुण्याच्या डेक्कन कॉलेजने इथे उत्खनन केले. ह. धी. सांकलिया, म. के. ढवळीकर आणि झै. दा. अन्सारी यांनी लिहिलेला त्याचा अहवाल १९८८ साली प्रसिद्ध झाला. इ. स. पूर्व सुमारे १६०० ते ७०० अशी नऊशे वर्षे या टेकाडावर वस्ती होती. शंभराहून अधिक घरे उजेडात आली. धान्य साठवायची पेवे सापडली, कणगी ठेवायचे ओटे सापडले, दळायचे दगडी पाटे सापडले. मुख्य पीक होते जव. त्याच्या जोडीला गहू, मसूर, कुळीथ, वाटाणा, लाख ही धान्ये आणि बोरे. पुराच्या पाण्यासाठी पाट काढून बांध घातल्याचेही उत्खननात दिसले.

भांड्यांत जोर्वे पद्धतीची, लाल अंगावर काळी नक्षी काढलेली आणि लांब तोटी असलेली भांडी आहेत. संगमनेर तालुक्यातल्या जोर्वे गावावरून या संस्कृतीला नाव पडले. हे तोटीचे भांडे पाहिले की त्यातून काय ओतत असतील, हा विचार मनात येतोच. पण भांड्यावरून पेय ठरवू नये, हे पथ्य मी पाळतो. जव होता, पाटा होता, चूल होती आणि ओतायचे भांडे होते, एवढे हाताशी आहे. पेयाची वर्णने नंतरच्या ग्रंथांत मिळतात.

भाजलेल्या धान्याच्या पिठाला संस्कृतात ‘सक्तु’ म्हणतात. मराठीत त्याचे ‘सातू’ झाले. गंमत अशी, की मराठीत पिठाचे हे नाव धान्यालाही चिकटले आणि जवालाच लोक सातू म्हणू लागले. इतके हे धान्य भाजून, दळून, कालवून पिण्याशी जोडलेले होते. सातू थंड पाण्यात घुसळून केलेल्या पेयाला आयुर्वेदात ‘मंथ’ म्हणतात. चरकसंहितेत आणखी एक मंथ आहे : खजूर, मनुका, वृक्षाम्ल, चिंच, डाळिंब, फालसा आणि आवळा यांचा. वृक्षाम्ल म्हणजे सामान्यतः कोकम मानले जाते. हा आंबटगोड मंथ कशासाठी सांगितला आहे? मद्यामुळे होणाऱ्या विकारांसाठी. दारूच्या जागी प्यायचे नव्हे, तर दारूचा त्रास उतरवायचे हे पेय. मॉकटेलचा हा दूरचा आजोबाच म्हणायचा. त्याच्या यादीत लिंबू मात्र नाही.

आपल्या हातातले कागदी लिंबू हा संकर आहे. त्याच्या जनुकांच्या अभ्यासातून एक पालक महाळुंग आणि दुसरा आग्नेय आशियातला एक रानटी लिंबूवर्गीय वृक्ष, असे दिसून आले आहे. यातले महाळुंग आपल्या ओळखीचे. कोल्हापूरच्या अंबाबाईच्या हातात तेच आहे. आज इनामगावच्या शेजारचा श्रीगोंदा तालुका लिंबाच्या बागांसाठी नावाजलेला आहे. राहुरीच्या महात्मा फुले कृषी विद्यापीठाने काढलेल्या वाणाचे नावच ‘साई शरबती’.

भुईमुगाचे मूळ तर दक्षिण अमेरिकेत. १५व्या शतकाच्या अखेरीपर्यंत तो समुद्राच्या अलीकडे कोणाला ठाऊक नव्हता. आल्यावर त्याला नाव देताना मराठी माणसाने ओळखीच्या मुगाचा आधार घेतला : भुईतला मूग. नाव बरोबर पडले, कारण दाणा हा बदामाचा भाऊ नसून कडधान्याच्याच कुळातला आहे. बदाम हा शब्दही फारसी आणि सरबत हा शब्द अरबीतून आलेला. घरचे म्हणून ज्याचा अभिमान धरतो त्या पेल्यात लिंबू पाहुणे, दाणा पाहुणा, नावही पाहुणे. या काठावर ज्याचा तीन हजार वर्षांचा पुरावा आहे तो जव मात्र पेल्यातून गेला. शिवारातूनही गेला. तिथे आता ऊस आणि कांदा आहे.

हे सगळे एका पेल्यात परत आणता येईल का, हे मी स्वयंपाकघरात करून पाहिले. पहिली अडचण अशी, की दाण्याचे दूध आणि लिंबू यांचे पटत नाही. दाण्यातली प्रथिने दुधात एकमेकांपासून अंतर राखून तरंगतात, कारण त्यांच्यावर सारखा विद्युतभार असतो. लिंबाने आंबटपणा वाढून सामू ४.५च्या आसपास आला की हा भार नाहीसा होतो, कण एकमेकांना चिकटतात आणि दूध फाटते. उष्णतेने हे आणखी लवकर होते. सोलकढी उकळत नाहीत त्यामागे हेच कारण आहे. तिथे नारळाचे दूध आणि कोकमाचा आंबटपणा एकत्र नांदतात ते थंडपणामुळे आणि पिण्याच्या बेताने केल्यामुळे.

दुसरी गोष्ट चवीची. ज्याला आपण बदामी किंवा दाण्याचा खमंगपणा म्हणतो, त्याचा मोठा भाग भाजण्यातून येतो. धान्यातली प्रथिने आणि साखर उष्णतेने एकत्र येऊन ‘पायराझिन’ जातीची सुगंधी द्रव्ये तयार होतात. ती भाजलेल्या दाण्यात असतात, तिळात असतात आणि भाजलेल्या जवातही असतात. म्हणून खमंगपणाचे काम जवावर सोपवता येते आणि दाणे थोडे घेतले तरी भागते. शिवाय शिजलेल्या जवाच्या पाण्याला बुळबुळीत दाटपणा असतो, त्यामुळे दाण्याचे कण चटकन खाली बसत नाहीत. लिंबाचेही तसेच. वास सालीतल्या तेलात असतो आणि आंबटपणा रसात. साल जास्त व रस बेताचा वापरला, तर लिंबाची ओळख पटते आणि फाटण्याचा धोका कमी होतो.

चार पेल्यांसाठी कृती अशी. किराणा दुकानात ‘बार्ली’ म्हणून मिळणारे जव अर्धी वाटी घ्यावेत. कोरड्या कढईत मंद आचेवर दहा-बारा मिनिटे, कॉफीसारखा नव्हे पण चांगला तांबूस रंग येईपर्यंत भाजावेत. एक लिटर पाण्यात पंचवीस मिनिटे उकळावेत, गाळावेत, गरम असतानाच चार-पाच चमचे किसलेला गूळ आणि चिमूटभर सैंधव विरघळवावे. हे पाणी पूर्ण गार करावे. पाव वाटी भाजून सोललेले दाणे कोमट पाण्यात तासभर भिजवावेत, एक वाटी ताज्या पाण्यात अगदी बारीक वाटून फडक्यातून पिळून घ्यावेत. दोन लिंबे धुऊन त्यांची फक्त वरची रंगीत साल किसावी. पांढरा भाग आला की कडू होते. हा कीस दोन चमचे पिठीसाखरेत बोटांनी चोळावा. साखर ओलसर होते, म्हणजे तेल उतरले.

आता क्रम पाळावा. आधी जवाचे गार पाणी, त्यात दाण्याचे दूध, मग सालीची साखर घालून ढवळावे आणि तासभर गारव्याला ठेवून गाळावे. लिंबाचा रस शेवटी, पेल्यागणिक एक लहान चमचा, पिण्याच्या वेळीच. थोडा साका बसलाच तर ढवळून प्यावे, सोलकढीला आपण तेच करतो. वर चिमूटभर भाजलेल्या जिऱ्याची पूड. दाण्याची अ‍ॅलर्जी असलेल्यांनी दाणे वगळावेत, खमंगपणा जवाने राहतो. ज्यांना ग्लुटेन चालत नाही त्यांनी मात्र जवही टाळावा. अशांना हे पेय नाही.

पाककृतीसाठी एवढा इतिहास कशाला, असे कोणी विचारील. माझे उत्तर लिंबाच्या बागेत आहे. उन्हाळ्यात लिंबू महाग होते, पावसाळ्यात तेच मातीमोल होते आणि तोडणीची मजुरीही सुटत नाही. आपल्याला फक्त रस हवा असतो, आणि तोही फक्त उन्हाळ्यात. स्वस्ताईच्या दिवसांत सालीची साखर करून बरणी भरून ठेवली, तर लिंबाचा वास पुढे पुरवून वापरता येतो. बागाईतदाराचा प्रश्न एका बरणीने सुटत नाही, पण आपण त्याच्या फळाचा कितवा हिस्सा फेकतो हे तरी कळते.

दुसरे, ढवळीकरांनी मांडले आहे, की इ. स. पूर्व १००० नंतर पर्जन्यमान घटले, इनामगावची प्रशस्त चौकोनी घरे जाऊन लहान गोल झोपड्या आल्या, शेतीपेक्षा शेळ्यामेंढ्यांवर भिस्त वाढली आणि शेवटी वस्ती उठली. पाण्याच्या हिशेबाने या काठावर काय पिकते आणि काय टिकते, हा प्रश्न तेव्हा होता तसा आजही आहे. जव उसाच्या मानाने फारच कमी पाण्यात, थंडीच्या चार महिन्यांत येतो. त्याला गिऱ्हाईक नाही म्हणून तो पेरला जात नाही. बाहेरून आलेल्या दाण्याला आणि लिंबाला आपण घरचे केले, ते नावे देऊन आणि रोज वापरून. घरच्या जवाला परत आणायचे तर तोच रस्ता आहे. यंदाच्या फराळाबरोबर पाहुण्यांपुढे एक पेला ठेवावा आणि त्यात काय आहे विचारले, तर ‘बार्ली’ न म्हणता ‘सातू’ म्हणावे.