बोअरच्या गाडीचे जॅक: दोष शोधण्याची रीत

बोअरची गाडी शेतात आली की पहिले काम जॅक टाकण्याचे असते. ट्रकच्या चासीला तीन किंवा चार हायड्रोलिक जॅक बसवलेले असतात. लिव्हर ओढला की जॅकचा दांडा खाली येतो, त्याच्या टोकाचा लोखंडी पाय जमिनीवर टेकतो आणि टायरवरचा भार जॅकवर येऊ लागतो. पाणसळ लावून गाडी समतल झाल्याची खात्री केली, की मगच मास्ट, म्हणजे ड्रिलिंगचा उंच सांगाडा, उभा करायचा आणि पाषाण फोडणारा हॅमर सुरू करायचा. यातला एक जॅक जरी काम चालू असताना बसला, तरी त्याची किंमत जमिनीच्या पोटात मोजावी लागते. मास्ट सुरुवातीलाच एक अंशाने कललेला असेल आणि छिद्र त्याच रोखाने गेले, तर ६० मीटर खोलीवर ते मूळ जागेपासून मीटरभर बाजूला गेलेले असते. तिरक्या बोअरमध्ये केसिंगचा पाइप अडतो, ड्रिलिंगचे रॉड घासतात आणि पुढे पाणबुडी मोटार उतरवताना किंवा वर काढताना ती अडकते.

जालना जिल्ह्यात या यंत्राचे महत्त्व वेगळे सांगावे लागत नाही. जिल्ह्याचे आठही तालुके दख्खनच्या बेसाल्टवर वसलेले आहेत. वर काळी माती, खाली मुरूम आणि त्याखाली कठीण पाषाण अशी रचना सर्वसाधारणपणे आढळते. पाणी असते ते पाषाणाच्या भेगांमध्ये आणि झिजलेल्या थरांमध्ये. १९७२ च्या आणि २०१२-१३ च्या दुष्काळात इथल्या लोकांनी पाण्यासाठी जमीन किती खोदली हे जुन्या-नव्या दोन्ही पिढ्यांना ठाऊक आहे. दुसऱ्या दुष्काळात तर मोसंबीच्या बागाच्या बागा वाळल्या. हातपंपाच्या इतिहासातही जालन्याचे नाव आहे. १९६० च्या दशकात इथल्या ख्रिस्ती मिशनच्या पाणीप्रकल्पात जो पोलादी पंप तयार झाला तो ‘जालना पंप’ म्हणून ओळखला गेला. त्यातून पुढे सोलापूर पंप आणि १९७० च्या दशकात इंडिया मार्क-२ आला, जो आज अनेक देशांतल्या गावांत दिसतो. हातपंप असो की मोटार, दोन्हींना बोअर सरळ लागते, आणि बोअरचा सरळपणा जॅकपासून सुरू होतो.

जॅक चालतो कसा

जॅक म्हणजे जाड भिंतीचा पोलादी सिलिंडर. त्याच्या आत पिस्टन, पिस्टनला दांडा आणि दोन्ही बाजूंना ऑइल येण्या-जाण्याची तोंडे. डेक इंजिनावर (गाडीवर बसवलेल्या वेगळ्या इंजिनावर) किंवा ट्रकच्या पीटीओवर (ट्रकच्या इंजिनाची शक्ती पंपाला देणाऱ्या जोडणीवर) चालणारा पंप टाकीतले ऑइल दाबाने पुढे ढकलतो. लिव्हर एका बाजूला नेला की ऑइल पिस्टनच्या वर जाते आणि दांडा बाहेर येतो. दुसऱ्या बाजूला नेला की ते खालून शिरते आणि दांडा आत जातो. बंदिस्त द्रवावर दिलेला दाब सगळीकडे सारखा पोहोचतो, हा सतराव्या शतकात पास्कलने मांडलेला नियम इथे राबतो. सिलिंडरचा आतला व्यास १०० मिलिमीटर असेल तर पिस्टनचे क्षेत्रफळ सुमारे ७८ चौरस सेंटिमीटर भरते. त्यावर १०० बारचा दाब दिला की साधारण आठ टनांचा जोर मिळतो.

या रचनेत दोन व्हॉल्व्ह विशेष महत्त्वाचे आहेत. रिलीफ व्हॉल्व्ह दाब ठरावीक मर्यादेपलीकडे गेला की जादा ऑइल टाकीत परत सोडतो. लॉक व्हॉल्व्ह बहुतेक वेळा जॅकलाच बसवलेला असतो. लिव्हर मध्यावर आला, पंप बंद पडला किंवा होज, म्हणजे ऑइलची दाबाची नळी, फुटला तरी सिलिंडरमधले ऑइल जागच्या जागी अडवून धरायचे, हे त्याचे काम. लॉक व्हॉल्व्ह नीट बसत असेल तर इंजिन बंद असतानाही जॅक भार धरून राहतो.

बाहेरून आत

जॅकने त्रास दिला की थेट सिलिंडर उतरवून सील बदलण्याकडे कल असतो. त्यात वेळ जातो, पैसा जातो आणि अनेकदा मूळ दोष तसाच राहतो. दोष शोधण्याचा क्रम बाहेरून आत असा ठेवावा: आधी जमीन, मग ऑइल, मग पंप व गाळण्या, मग होज आणि जोड, त्यानंतर व्हॉल्व्ह आणि सगळ्यात शेवटी सिलिंडर. प्रत्येक पुढची पायरी आधीच्या पायरीपेक्षा जास्त खर्चिक आहे आणि तिला खोलाखोलही जास्त लागते.

पहिला प्रश्न असा विचारावा: सगळे जॅक बिघडले आहेत की एकच? सगळे मंद किंवा बंद असतील तर दोष सगळ्यांना सामाईक असलेल्या भागात आहे, म्हणजे टाकी, पंप, पीटीओ, मुख्य गाळणी किंवा रिलीफ व्हॉल्व्ह. एकच जॅक बिघडला असेल तर पंपाकडे पाहण्याचे कारण नाही. त्या जॅकचा लिव्हर, होज, लॉक व्हॉल्व्ह आणि सिलिंडर एवढेच तपासायचे. या एका प्रश्नाने निम्मे काम हलके होते.

जमीन खचली की जॅक बसला

गाडी एका बाजूला कलली म्हणजे जॅक उतरला, असा समज असतो. तो नेहमी खरा नसतो. अंबड, घनसावंगी, परतूर या भागांत गोदावरी-दुधनेच्या खोऱ्यातली काळी माती खोल आहे. ती उन्हात भेगाळते आणि ओली झाली की फुगून मऊ पडते. बोअर चालू असताना छिद्रातून चिखल आणि पाणी वर येते, ते जॅकच्या पायाखाली जाते आणि सकाळी टणक वाटलेली जमीन दुपारी दबू लागते.

यासाठी सोपी परीक्षा आहे. जॅक टाकल्यावर दांड्याच्या उघड्या भागाची लांबी मोजून ठेवावी, किंवा सिलिंडरच्या तोंडाशी दांड्यावर खडूची खूण करावी. गाडी कलल्यावर पुन्हा पाहावे. खूण जागेवर असेल तर जॅक निर्दोष आहे, जमीन खचली आहे. खूण सिलिंडरमध्ये शिरली असेल तर ऑइल कुठेतरी सुटते आहे.

जमीन खचत असेल तर उपाय पायाखाली आहे. ३० सेंटिमीटर व्यासाच्या गोल पायावर सहा टन भार आला तर जमिनीवर दर चौरस सेंटिमीटरला साडेआठ किलोचा दाब पडतो. त्याच पायाखाली ६० बाय ६० सेंटिमीटरची जाड लाकडी फळी ठेवली तर तो पावणेदोन किलोच्या आत येतो. फळी सागाची किंवा बाभळीची, न चिरलेली हवी. पातळ फळी मधोमध वाकते आणि तिचा विस्तार कामी येत नाही. ओल्या काळ्या मातीत एवढेही पुरेलच असे नाही. तिथे वरची माती काढून मुरमावर बसवणे किंवा मुरूम टाकून धुमसणे हाच खात्रीचा मार्ग आहे. चिखलाचे पाणी पायापासून दूर नेणारी चारीही आधीच काढावी.

ऑइल काय सांगते

टाकीची पातळी पाहताना सगळे जॅक आत आणि मास्ट आडवा असावा. जॅक बाहेर असताना टाकी काठोकाठ भरली तर ते आत घेताना परत येणारे ऑइल टाकीत मावत नाही आणि बाहेर सांडते. पातळी कमी असेल तर नुसते ऑइल ओतून थांबू नये. ते गेले कुठे हे शोधावे.

ऑइलचा रंग दुधाळ झाला असेल तर त्यात पाणी शिरले आहे. फेस दिसत असेल तर पंप हवा ओढतो आहे, बहुधा पंपाकडे येणाऱ्या पाइपाच्या ढिल्या क्लॅम्पमधून. रंग काळा पडून जळका वास येत असेल तर ऑइल सतत तापत आले आहे. दुधाळ किंवा जळके ऑइल बदलणे भाग असते, आणि त्यासोबत टाकी धुऊन गाळण्याही बदलाव्या लागतात. मराठवाड्याच्या उन्हाळ्यात पारा चाळिशीपलीकडे जातो. त्यामुळे ६८ किंवा ४६ ग्रेड यांपैकी कंपनीने सांगितलेलेच ऑइल वापरावे. फार पातळ ऑइल तापल्यावर सीलच्या फटीतून निसटते. फार घट्ट असेल तर हिवाळ्यातल्या सकाळी जॅक रेंगाळतो.

जॅक धक्के देत खाली येत असेल तर सिलिंडरमध्ये हवा अडकली आहे. भार न देता तो पूर्ण बाहेर आणि पूर्ण आत असा चार-पाच वेळा चालवला की बरीचशी हवा टाकीत निघून जाते. पुन्हा पुन्हा तेच होत असेल तर हवा शिरण्याची जागा शोधावी. जॅक चालतो पण भार उचलत नाही, अशी तक्रार सगळ्याच जॅकची असेल तर दाबमापक पाहावा. दाब चढतच नसेल तर पीटीओ लागला आहे का, पंपाच्या तोंडाची गाळणी तुंबली आहे का आणि रिलीफ व्हॉल्व्हमध्ये कचरा अडकून तो उघडा राहिला आहे का, हे याच क्रमाने तपासावे. रिलीफ व्हॉल्व्हचा स्क्रू आवळून दाब वाढवण्याचा मोह मात्र टाळावा. त्याने दोष जात नाही. होज फुटण्याचा धोका तेवढा वाढतो.

खूण आत गेली तर

खूण आत जात असेल तर आधी बाहेरची गळती पाहावी. दांड्याच्या तोंडाशी, होजच्या जोडांवर आणि व्हॉल्व्हभोवती ओला, धूळ चिकटलेला डाग दिसतो. बाहेर काहीच नसेल तर दोन शक्यता उरतात: लॉक व्हॉल्व्ह पूर्ण बंद होत नाही, किंवा पिस्टनचे सील झिजून ऑइल आतल्या आत एका बाजूकडून दुसरीकडे जाते आहे.

त्याआधी तापमानाचा हिशेब मात्र करावा. ऑइल थंड होताना आकसते. दुपारी तापलेल्या जॅकमध्ये अर्धा मीटर उंचीचा ऑइलचा स्तंभ असेल आणि रात्री तो २० अंशांनी निवला, तर दांडा सहा-सात मिलिमीटर आत जाऊ शकतो. एवढी घट एकदाच होऊन थांबली तर तो दोष नाही. तासातासाला खूण सरकत राहिली तर तो दोष आहे.

लॉक व्हॉल्व्हमध्ये बहुतेकदा बारीक कचरा किंवा तुटलेल्या सीलचा तुकडा अडकलेला असतो. पाषाण फोडताना उडणारी भुकटी होज जोडता-काढताना आत जाते. व्हॉल्व्ह काढून स्वच्छ डिझेलने धुवावा, त्याची बैठक खरवडलेली नाही ना ते पाहावे आणि ओ-रिंग नव्या घालाव्यात. एकसारखे दोन जॅक असतील तर त्यांचे व्हॉल्व्ह अदलाबदल करून पाहावेत. दोष व्हॉल्व्हसोबत दुसऱ्या जॅककडे गेला तर व्हॉल्व्ह खराब. दोष जागीच राहिला तर सिलिंडर.

पिस्टनचे सील तपासण्यासाठी आधी चासीखाली भक्कम लाकडी ठोकळे रचून गाडीचा भार त्यावर घ्यावा. जॅक पूर्ण बाहेर काढावा, इंजिन बंद करून दाब उतरवावा, दांड्याकडच्या बाजूचा होज सिलिंडरपासून सोडवून त्याच्या तोंडाला बूच मारावे. मग इंजिन चालू करून जॅक बाहेर नेणारा लिव्हर जपून दाबावा. उघड्या तोंडातून थोडे ऑइल येऊन थांबले तर सील ठीक आहे. धार चालूच राहिली तर सील गेले आहे, आणि आता सिलिंडर खोलण्याला कारण मिळाले.

जॅक आत जात नसेल तर दांड्याला चिखल चिकटून वाळला आहे का, दांडा वाकला आहे का आणि लॉक व्हॉल्व्ह उघडतो आहे का, हे पाहावे. वाकलेला दांडा ओरबाडलेल्या जागेवरून ओळखू येतो. तो नवीन सीलही काही दिवसांत फाडतो, म्हणून नुसते सील बदलून भागत नाही.

जीव सांभाळून

जॅकवर उचललेल्या गाडीखाली ठोकळ्यांशिवाय कोणीही जाऊ नये. होजला सुईएवढे भोक असेल तर तिथून निघणारी धार डोळ्यांना दिसत नाही, पण कातडी भेदून ऑइल आत जाते. गळती हाताने चाचपू नये; पुठ्ठ्याचा तुकडा फिरवून शोधावी. ऑइल कातडीत शिरल्यास जखम टिकलीएवढी दिसली तरी वेळ न घालवता रुग्णालय गाठावे आणि ऑइल दाबाने आत गेल्याचे डॉक्टरांना सांगावे. अशा जखमेवर उशीर झाला तर बोट किंवा हात गमवावा लागू शकतो. मागची चाके अधांतरी झाली की हँडब्रेकचा उपयोग उरत नाही, म्हणून उतारावर पुढच्या चाकांना आधीच ठोकळे लावावेत. एक जॅक एकदम वर नेल्यास चासी पिळवटते. जोडीजोडीने, थोडे थोडे उचलावे.

हीच रीत जेसीबीच्या बाजूच्या पायांना आणि क्रेनच्या आधारांना लागू पडते. 

दुरुस्ती झाली की जॅकवर पूर्ण भार द्यावा, खडूची खूण करावी, इंजिन बंद करावे आणि तासाभराने पाहावे. खूण हलली नसेल आणि जोड कोरडे असतील तरच मास्ट उभा करावा. पुढे रोज काम संपल्यावर दांडे पुसून आत घेणे, आठवड्याला ऑइलचा रंग पाहणे आणि गाळण्या ठरलेल्या तासांवर बदलणे एवढे सांभाळले, तर सिलिंडर खोलण्याची वेळ क्वचित येते.