पाणी सुटण्यापूर्वी

दिवाळी अंक म्हटला की त्यात चकली, अनारसे, चिरोटे यांचे माहात्म्य यावे अशी आपली रीत आहे. ऐन दिवाळीत वैशाखातल्या टोमॅटो-कांद्याच्या कोशिंबिरीवर लिहिणारा मनुष्य एक तर विक्षिप्त असावा किंवा त्याला फराळाचे अजीर्ण झाले असावे, असे वाचकांना वाटेल. पण माझा नाइलाज आहे. पाककलेच्या अफाट साम्राज्यातला हा एवढाच परगणा माझ्या ताब्यात आहे, आणि तोही वयाच्या पासष्टाव्या वर्षी आलेला. शिवाय आज तुमच्या टोपलीत जो कांदा आहे तो बहुधा गेल्या उन्हाळ्यातच काढलेला आणि चाळीत मुक्काम करून आलेला असेल. तेव्हा विषय वाटतो तितका अवेळी नाही.

झाले असे की, गेल्या वैशाखात आमच्या सौभाग्यवती ओल्या फरशीवरून घसरल्या आणि उजवे मनगट मोडून बसल्या. हात सहा आठवडे प्लास्टरमध्ये. घरात तातडीने खातेवाटप झाले. पोळी-भाजी सुनेकडे गेली, वरण-भात मुलाकडे. 'बाबांना काय जमेल?' या प्रश्नावर बराच खल होऊन शेवटी मला कोशिंबीर देण्यात आली. ज्याला वगळता येत नाही अशा आमदाराला एखादे निरुपद्रवी खाते द्यावे, तसा तो प्रकार होता. विस्तवाशी गाठ नाही. फार तर बोट कापेल!

मला मात्र मनातून आनंद झाला. आम्ही नाशिककर. लासलगावची कांद्याची बाजारपेठ आमच्याच जिल्ह्यातली. कांद्यातले आपल्याला कळते, असा प्रत्येक नाशिककराचा जन्मजात समज असतो. पावसाळी लाल कांदा दिवाळीच्या सुमारास बाजारात येऊ लागतो. तो फार दिवस टिकत नाही. थंडीत लावलेला आणि मार्च ते मे या काळात निघणारा तो उन्हाळ कांदा. शेतातच पातीखाली सुकवून, खेळती हवा असलेल्या चाळीत भरला की तो चार-सहा महिने राहतो. टोमॅटोचे आमच्याकडचे मुख्य बाजार म्हणजे पिंपळगाव बसवंत आणि तिकडे जुन्नर तालुक्यातले नारायणगाव. उन्हाळी टोमॅटो नारायणगावला वीस-वीस किलोंच्या क्रेटमधून येतो. इतकी माहिती असलेल्या माणसाला कोशिंबीर करणे काय अवघड?

पहिल्याच दिवशी मी संध्याकाळी पाच वाजता काम उरकले. आयुष्यभर बँकेत नोकरी केलेली. काम वेळेआधी संपवणे हा माझा बाणा. कांदा चिरला, टोमॅटो चिरले, मीठ, साखर, दाण्याचे कूट घातले, छान कालवले आणि वाडगे झाकून फ्रीजमध्ये ठेवले. साडेआठला पाने घेतली. झाकण काढून पाहतो तो आत तांबूस पाण्याचे तळे साचलेले आणि त्यात कांद्याच्या फोडी तरंगताहेत!

"ही कोशिंबीर नव्हे, बाबा, कोशिंबिरीचं सार आहे," मुलगा म्हणाला.

यामागचे कारण शाळेतल्या विज्ञानाच्या पुस्तकातच आहे. टोमॅटोत शंभरातले जवळजवळ पंचाण्णव भाग पाणी, कांद्यात सुमारे नव्वद. चिरलेल्या फोडीला मीठ लागले की ते पेशींतले पाणी बाहेर ओढू लागते. साखरही तेच करते. दहा-पंधरा मिनिटांत पाणी सुटते. साडेतीन तासांत काय होणार? त्यातून दाण्याचे कूट हे पाणी पिऊन फुगते आणि त्याचा लगदा होतो.

दुसऱ्या दिवशी मी शहाणा झालो. पाणी टाळायचे म्हणून टोमॅटोच्या बिया आणि भोवतालचा गर काढून टाकला. टोमॅटो दोन दिवस फ्रीजमध्ये होते, ते तसेच गारेगार चिरले. कोशिंबीर कोरडी ठणठणीत झाली, पण चव पुठ्ठ्याची!

सौ. स्वयंपाकघरात खुर्चीवर, हात झोळीत घेऊन बसल्या होत्या. त्यांनी डाव्या हाताने कपाळाला हात लावला. "अहो, चव सगळी त्या गरातच असते. आणि टोमॅटो फ्रीजमध्ये कशाला ठेवलेत? ते काय इंजेक्शन आहे?"

तिचे म्हणणे शास्त्राला धरूनच होते. बियांभोवतालच्या गरात आंबटपणा आणि चव खुलवणारे ग्लुटामेट हे दळापेक्षा जास्त असते. फ्रीजचे म्हणाल, तर फ्लोरिडा विद्यापीठातल्या संशोधकांनी 2016 साली दाखवून दिले की, थंडीत ठेवलेल्या टोमॅटोत सुगंध तयार करणारी जनुके मंदावतात, आणि टोमॅटो पुन्हा बाहेर काढून ठेवला तरी गेलेला वास पुरता परत येत नाही. आमच्या घरी हे संशोधन टोपलीवर झालेले होते.

तिसरा दिवस कांद्याने खाल्ला. उन्हाळ कांदा तिखट. सुरी बोथट. मी इतका रडलो की शेजारच्या काकू चौकशीला आल्या. कांदा चिरला की त्याच्या पेशी फुटतात. आत वेगवेगळे असलेले गंधकयुक्त द्रव्य आणि विकर एकत्र येतात, आणि त्यातून डोळ्यांना झोंबणारा वायू सुटतो. सुरी धारदार असली तर पेशी कमी चेंगरतात आणि रडणेही कमी होते. चिरलेला कांदा पाच मिनिटे गार पाण्यात ठेवून निथळला की त्याचा उग्रपणा उतरतो. अलिबागचा पांढरा कांदा मिळाला तर हीही यातायात नको. तो मुळातच गोडसर.

चौथ्या दिवशी मी सर्व अहंकार सोडला आणि शिष्य झालो. गुरूने खुर्चीवरून जे सांगितले ते असे:

चार माणसांना तीन पिकलेले पण घट्ट टोमॅटो आणि दोन मध्यम कांदे. टोमॅटो फ्रीजबाहेरचे. दोन्ही सारखेच बारीक चिरावे, पण वेगवेगळ्या भांड्यांत ठेवावे. एक हिरवी मिरची बारीक चिरून, मूठभर कोथिंबीर, दोन मोठे चमचे दाण्याचे जाडसर कूट. कढल्यात दोन चमचे तेल तापवून मोहरी तडतडली की हिंग घालावा. ही फोडणी निवू द्यावी, नाही तर टोमॅटो शिजल्यासारखे होतात. हे सगळे मांडून ठेवायचे आणि स्वस्थ बसायचे. पाने घेतली, माणसे बसली की मग कांदा-टोमॅटो एकत्र करून कूट, फोडणी, अर्धा चमचा साखर आणि मीठ घालून हलक्या हाताने कालवायचे आणि लगेच वाढायचे. मीठ सर्वांत शेवटी.

त्या रात्री मी तंतोतंत तसे केले. सून पोळ्या करून आधीच डब्यात घालून बसली होती. हात मोडल्यामुळे सौ. सुद्धा आमच्याबरोबरच पहिल्या पंगतीला होत्या. मी कालवले, वाढले. टोमॅटो रसरशीत, कांदा करकरीत, कूट अजून कोरडे, खमंग. बाहेर रात्रीचे नऊ वाजून गेले तरी भिंती तापलेल्या होत्या, आणि तोंडात तो गारवा!

सौ.नी डाव्या हाताने चमचाभर कोशिंबीर तोंडात घातली. क्षणभर थांबल्या. मग म्हणाल्या,

"अशी लागते होय ही?"

आम्ही सगळे हसलो. मला वाटले, माझे कौतुक चालले आहे. मग एकेकाचे हसणे थांबले.

लग्नाला अडतीस वर्षे झाली. अडतीस उन्हाळे ही बाई आम्हाला ही कोशिंबीर करून घालते आहे. आम्ही बसलो की ती मीठ घालून वाढायची आणि पुन्हा गॅसकडे वळायची, कारण आम्हाला तव्यावरची गरम पोळी पानात हवी. करताना चव घेऊन बघायची तिच्या माहेरी रीत नव्हती, उष्टे होते. सगळ्यांचे झाले की ती बसायची. तोवर वाडग्यात काय उरलेले असणार, हे मला आता पुरते ठाऊक झाले होते. पहिल्या दिवशी मी केले होते तेच! मला आठवले, ते तांबूस पाणी ती भातावर ओतून घ्यायची. मी ते पाहिलेले होते. अडतीस वर्षे पाहिलेले होते.

"तुला ते पाणी आवडतं ना?" मी जरा चाचरतच विचारले.

"टाकायचं कुठे?" ती म्हणाली, आणि दुसरा चमचा घेतला.

प्लास्टर आषाढाच्या आधी निघाले. कांदेनवमीला, म्हणजे आमच्याकडे चातुर्मासासाठी कांद्याला निरोप देतात त्या दिवशी, तिने पुन्हा पोळपाट हातात घेतला. सगळी खाती परत गेली. मी माझे खाते मात्र सोडले नाही. कारण माझ्या ध्यानात आले आहे की, या खात्यात फारसा अधिकार नसला तरी एक आहे: मीठ माझ्या हाती असते. गॅस बंद करून ती पानावर बसली नाही, तर मी मीठ घालत नाही. सुरुवातीला मुलाने कुरकुर केली, "पोळ्या गार होतील." मी त्याला पहिल्या दिवसाचे तळे आठवायला सांगितले. पोळी डब्यात तासभर मऊ राहते; कोशिंबीर पंधरा मिनिटेही राहत नाही. मग वाट कोणी पाहायची?

ती स्वतःही अजून अवघडते. "अहो, घाला मीठ, मी आलेच," म्हणते. हे 'आलेच' किती वेळाचे असते ते मला आता कळते.

परवा भाऊबीजेला माझी धाकटी बहीण येणार आहे. ती चातुर्मास पाळते आणि कार्तिकी एकादशी अजून पुढे आहे. तेव्हा तिच्यासाठी बिनकांद्याची वाटी वेगळी काढायची. श्रीखंड आहे, बटाट्याची भाजी आहे, पुऱ्या आहेत. पुऱ्या गरमच हव्यात, असा आग्रह होणार. होऊ दे. मिठाचा सट मी माझ्या पानाशेजारी ठेवून घेणार आहे.