निघेल तेव्हा अंक

१९५५च्या सुमारास मुंबईत दिलीप चित्रे, अरुण कोलटकर, रमेश समर्थ या मंडळींनी ‘शब्द’ हे अनियतकालिक काढलं, ते सायक्लोस्टाइल करून. छापखान्यात जायचं तर खिळे जुळवण्याची मजुरी आली, बांधणी आली आणि एवढा खर्च केल्यावर खपाची काळजीही आली. इथे मेणकागदाची स्टेन्सिल, शाईची ट्यूब आणि हँडल फिरवायला एखादा धडधाकट मित्र असला की भागायचं.

काम मात्र किचकट. टाइपरायटरची रिबन बाजूला करून अक्षरं थेट स्टेन्सिलवर ठोकायची, नाहीतर टोकदार लेखणीने कोरायची. चुकलं की त्यावर लालसर द्रव लावायचा, फुंकर घालून वाळवायचा आणि परत ठोकायचं. ठोका जोरात बसला की ‘व’च्या पोटातला तुकडा निसटे आणि कागदावर शाईचा नुसता ठिपका उमटे. शेवटच्या प्रतींतल्या कविता बऱ्याचशा अंदाजानेच वाचायच्या.

त्या काळी नवं लिहिणाऱ्याची नजर गिरगावातल्या खटाववाडीकडे, तिथून निघणाऱ्या ‘सत्यकथा’ मासिकाकडे असायची. तिथले संपादक श्री. पु. भागवत, राम पटवर्धन यांनी कथा कशी घडवून घेतली, हे गाडगीळ आणि जी.ए. वाचणाऱ्यांना सांगायला नको. पण मराठीतलं चांगलं काय ते एकाच कचेरीत ठरावं, हे तरुणांना जाचू लागलं. १९६३मध्ये अशोक शहाणे यांनी मराठी वाङ्मयावर ‘क्ष-किरण’ टाकणारा लेख लिहिला आणि ‘असो’ हे अनियतकालिकही काढलं. पुढे भालचंद्र नेमाडे यांचं ‘वाचा’, राजा ढाले यांचं ‘येरू’. १९६९मध्ये तर ढाले आणि मित्रांनी ‘सत्यकथे’चा अंकच जाळला.

जाळपोळ गाजली, अजूनही तिचेच किस्से सांगितले जातात. मला महत्त्वाचं वाटतं ते वेगळंच. नामदेव ढसाळांची भाषा कुणी ‘जरा सौम्य करा’ म्हणण्याआधी या अंकांतून जशीच्या तशी बाहेर पडली. त्यांचा कवितासंग्रह ‘गोलपिठा’ आला १९७२मध्ये. त्यातली कविता ऐकायला कान आधीच तयार झाले होते.

खोटही होती. मित्रांनी मित्रांना छापायचं, मित्रांनीच वाचायचं. ‘साभार परत’ म्हणणारं कुणी नाही. त्यामुळे पुष्कळ कच्चा माल दडपून खपला. अंक बंद पडले याची हळहळ मात्र मी करणार नाही. अनियतकालिकच ते, सांगायचं संपलं की संपलं. ‘सत्यकथा’ही १९८२मध्ये थांबलीच.

यातून टिकली ती माणसं. शहाण्यांनी ‘प्रास प्रकाशन’ चालवलं. ‘शब्द’वाल्या कोलटकरांचा पहिला मराठी संग्रह तिथूनच निघाला, १९७७मध्ये. कवी निवांत, प्रकाशक त्याहून निवांत! नव्वदच्या दशकात हेमंत दिवटे यांनी ‘अभिधानंतर’ काढलं, तोवर मजकूर संगणकावर जुळत होता. कवितेला पान मिळवण्याची यातायात मात्र तीच, आणि दिवट्यांनाही पुढे कवितांची पुस्तकं स्वतःच काढावी लागली.