काळ्या चिलखतांतील अनामिक वीर

सर वॉल्टर स्कॉटची ‘आयव्हॅन्हो’ ही कादंबरी ज्यांनीं वाचली आहे, त्यांस ॲश्बीच्या आखाड्यांतील तो काळा स्वार आठवत असेल. चिलखत काळें, घोडा काळा, ढालीवर कसलेंहि चिन्ह नाहीं. बहुतेक वेळ तो स्वस्थ उभा राहतो, म्हणून प्रेक्षक त्यास ‘काळा आळशी’ म्हणतात. पण तिघांनीं मिळून एकट्या नायकास घेरतांच हाच आळशी धांवून येतो, दोघांस लोळवितो आणि बक्षिसाची वाट न पाहतां निघून जातो. पुढें कळतें कीं, हा इंग्लंडचा राजा सिंहहृदयी रिचर्ड! स्कॉटनें हें चित्र १८१९ सालीं रंगविलें. मूळ कल्पना त्याहून सहाशें वर्षांवर जुनी आहे.

काळें चिलखत म्हटलें कीं आज आपणांस खलपुरुष आठवतो. परंतु बाराव्या-तेराव्या शतकांतील कथाकाव्यांचा अभ्यास करून फ्रेंच इतिहासकार मिशेल पास्तुरो यांनीं दाखविलें आहे कीं, त्यांत दुष्ट हेतूनें येतो तो बहुधा तांबडा वीर. काळा वीर मोठ्या योग्यतेचा, पण आपलें नांव लपवूं पाहणारा असतो. याचें कारण त्या काळच्या ढालींत आहे. बाराव्या शतकाच्या मध्यापासून ढालीवरील चिन्हावरून सरदाराचें कुळ ओळखलें जाऊं लागलें. शिरस्त्राणानें चेहरा झांकला, तरी ढाल ओळख देई. तेव्हां निव्वळ काळी ढाल घेणें म्हणजे घराण्याचें नांव घरीं ठेवून येणें होय.

क्रेतियां द त्र्वा या फ्रेंच कवीच्या, सुमारें ११७६ सालच्या, ‘क्लिजेस’ काव्यांत हें स्पष्ट दिसतें. मरणोन्मुख पिता मुलास सांगतो कीं, आर्थर राजाच्या दरबारीं जा, पण उत्तमोत्तम वीरांशीं झुंजून पाहीपर्यंत आपली ओळख देऊं नको. ऑक्सफर्डच्या सामन्यांत क्लिजेस पहिल्या दिवशीं काळ्या वेषांत उतरतो आणि विजयी होतो. रात्रीं लोक काळ्या वीराचा शोध करितात. तो सांपडत नाहीं. दुसऱ्या दिवशीं तो हिरव्या, तिसऱ्या दिवशीं तांबड्या वेषांत येतो. चौथ्या दिवशीं पांढऱ्या वेषांत तो गावेनशीं बरोबरीनें लढतो, आणि मग कळतें कीं गावेन त्याचा सख्खा मामा!

१४८५ सालीं कॅक्स्टननें छापलेल्या मॅलरीच्या ग्रंथांतील गॅरेथची कथा याहून मर्मभेदक आहे. हा आर्थरचा भाचा. पण नांव न सांगतां वर्षभर राजाच्या मुदपाकखान्यांत राहतो. विराटाघरचा बल्लव वाचकांस येथें आठवेलच. पुढें एका स्त्रीच्या बहिणीस सोडविण्याकरितां तो निघतो, तेव्हां ती स्त्री वाटभर त्यास ‘स्वयंपाकघरांतला पोऱ्या’ म्हणून हिणविते. काळ्या माळावर, काळें निशाण व ढाल टांगलेल्या झाडाखालीं, एक काळा वीर त्यांस अडवितो. गॅरेथ त्यास ठार करून त्याचेंच चिलखत अंगावर चढवितो. थोडें पुढें जातां हिरवा वीर भेटतो आणि विचारतो, “हा माझा भाऊ काळा वीर काय?” चिलखत भावाचें, आंत भावास मारणारा!

आणि कथेच्या अखेरीस तीच वेळ गॅरेथवर येते. एका अनोळखी वीराशीं तो दोन तास रक्तबंबाळ होईतों लढतो. तो अनोळखी म्हणजे त्याचाच वडील बंधु गावेन. ती निंदा करणारी स्त्रीच मध्यें पडून दोघांस नांवें सांगते, तेव्हां कोठें तरवारी खालीं पडतात.

कुळाचें नांव बाजूस ठेवून मुलानें आपली योग्यता अजमावावी, हें क्लिजेसच्या पित्यास योग्य वाटलें. परगांवीं मुलगा धाडणाऱ्या कोणत्याहि वडिलांस तें पटेल. पण शिरस्त्राण वेळींच काढलें नाहीं, तर समोरचा घाव आपल्याच भावाचा असूं शकतो, हेंहि या जुन्या कथाकारांनीं सांगून ठेविलें आहे.