खंदकांतील युद्ध आणि दख्खनच्या पलटणी

मुखेडहून कंधारचा किल्ला फारसा दूर नाहीं. इ. स. 1631 मध्यें शहाजहानाचा सरदार नसीरीखान यानें या निजामशाही किल्ल्याला वेढा दिला, तेव्हां त्याच्या लोकांच्या हातीं तरवारीपेक्षां कुदळ आणि फावडेंच अधिक वेळ असावें. मातीच्या आडोशानें तटाकडे हळूहळू सरकावयाचें, तटाखालीं सुरुंग खणून त्यांत दारू ठासावयाची, आणि भिंत उडाली म्हणजे आंत शिरावयाचें, असा त्या काळच्या वेढ्याचा क्रम असे. कंधार अखेर सुरुंगांनींच हातीं आलें. वेढा घालणारे लोक तटासमोर ज्या आडोशाच्या जागा तयार करीत त्यांना 'मोर्चे' म्हणत. हल्लीं शहरांतून घोषणा देत जो 'मोर्चा' निघतो, त्याचा मूळचा अर्थ असा मातीशीं जडलेला आहे, हें पुष्कळांच्या ध्यानांतही नसेल.

म्हणजे चर खणून लढणें ही कांहीं 1914 सालीं लागलेली नवी युक्ति नव्हे. नवें होतें तें निराळेंच. जुन्या वेढ्यांत चर खणणारा हा चढाई करणारा असे. चर हें पुढें जाण्याचें साधन होतें. 1914 च्या हिवाळ्यांत फ्रान्समध्यें दोन्ही बाजूंनीं चर खणले ते जागचे न हलण्यासाठीं. स्वित्झर्लंडच्या सरहद्दीपासून थेट उत्तर समुद्रापर्यंत सुमारें सातशें किलोमीटर लांबीची ही खंदकांची रांग झाली. तिला बगलच उरली नाहीं. शत्रूला वळसा घालून त्याच्या पाठीवर जाणें, ही शिवकालापासून नेपोलियनपर्यंत प्रत्येक सेनापतीची आवडती चाल. ती एका हिवाळ्यांत निकामी झाली. समोरून जावें, तर कांटेरी तारांचें जाळें, आणि त्या जाळ्यांत अडकलेल्या माणसांवर मिनिटाला पांचशें गोळ्या झाडणारी मशीनगन. दोन खंदकांमध्यें अंतर तें किती? कोठें शंभर यार्ड, कोठें तीनशें. एवढें अंतर जिवंत ओलांडावयाचें कसें, हा एकच प्रश्न पुढें चार वर्षें सर्व सैन्यांपुढें उभा होता.

या प्रश्नाची पहिली ओळख ज्यांना झाली, त्यांत पुण्याजवळच्या खडकीचे लोक होते. बाँबे सॅपर्स अँड मायनर्स या पथकाचें ठाणें खडकीस. रस्ते, पूल, सुरुंग हें त्यांचें काम. त्यांच्या 20 व 21 या दोन कंपन्या हिंदी सैन्याबरोबर फ्रान्सला गेल्या. 28 ऑक्टोबर 1914 रोजीं न्यू शापेल या गांवावर 47 व्या शीख पलटणीबरोबर त्यांना पायदळासारखें चढाईला पाठविण्यांत आलें. ते गांवांत शिरले, घराघरांतून संगिनींनीं लढले; परंतु मदत आली नाहीं, आणि त्यांना मागें यावें लागलें. दोन्ही कंपन्यांचे बहुतेक सर्व अधिकारी पडले. पूल बांधण्याचें शिक्षण देऊन तयार केलेले कसबी लोक अशा रीतीनें एका दुपारीं खर्च करणें, हा निव्वळ अविचार होता.

त्यांच्याजवळ त्या वेळीं धड हातबाँबही नव्हते. जर्मनांकडे होते. मग मुरंब्याचे रिकामे डबे घेऊन त्यांत स्फोटक द्रव्य, खिळे आणि लोखंडाचे तुकडे भरावयाचे, वात लावून फेंकावयाचे, असा उद्योग खंदकांत सुरू झाला. त्याच नोव्हेंबरांत गढवाली पलटणींच्या शिपायांनीं रात्रीं समोरच्या खंदकांत शिरून मारहाण करून परत येण्याचा प्रयोग केला. खंदकावर रात्रीचा छापा घालण्याच्या या पद्धतीचा आरंभ तेथूनच मानतात. मोठी आघाडी जागची हालत नव्हती. परंतु लहान तुकडीनें, अंधारांत, ठराविक जागीं जावें आणि परतावें, हें जमण्यासारखें आहे एवढें त्यांतून कळलें. पुढें या लहान तुकडीलाच मोठें महत्त्व आलें.

10 मार्च 1915 रोजीं त्याच न्यू शापेलवर पुन्हां हल्ला झाला, तेव्हां तयारी निराळी होती. विमानांतून जर्मन खंदकांचीं छायाचित्रें घेऊन त्यांवरून नकाशे काढले होते. तोफांनीं 35 मिनिटें भडिमार केला आणि लगेच पायदळ निघालें. गांव थोड्याच वेळांत पडलें. मग सर्व घोटाळा झाला. पुढें गेलेल्या पलटणींच्या टेलिफोनच्या तारा तुटल्या, निरोप्ये वाटेंत मेले, मागच्या अधिकाऱ्यांना पुढें काय चाललें आहे हें तासन् तास समजेना, आणि तेवढ्या अवधींत जर्मनांनीं मागें नवी फळी उभी केली. तीन दिवसांत इंग्रज व हिंदी मिळून बारा हजारांवर लोक जखमी झाले किंवा पडले. खंदक फोडतां येतो. फुटलेल्या जागेंतून पुढें जाणें हेंच कठीण, हा धडा येथें मिळाला.

हा धडा फ्रान्समध्यें मिळाला खरा; परंतु तो तैग्रिस नदीच्या कांठीं पोंचला नाहीं, आणि त्याची किंमत मराठी शिपायांनाही मोजावी लागली.

जनरल टाउनशेंडच्या सहाव्या डिव्हिजनमध्यें 103, 110 आणि 117 अशा तीन मराठा पलटणी होत्या; खडकीच्या सॅपर्सच्या दोन कंपन्याही होत्या. बगदादच्या अलीकडे टेसिफन येथें नोव्हेंबर 1915 मध्यें तुर्कांच्या खंदकांवर चढाई करून हें सैन्य रक्तबंबाळ झालें आणि कुट या गांवीं मागें आलें. डिसेंबरांत तुर्कांनीं वेढा घातला. कुट हें नदीच्या वळणांत वसलेलें. तिन्ही बाजूंस पाणी, चौथ्या बाजूस शिपायांनीं खणलेल्या खंदकांच्या ओळी आणि एक मातीचा किल्ला. 24 डिसेंबरला तुर्कांनीं तोफांनीं त्या किल्ल्याची भिंत पाडली व ते आंत घुसले. 103 वी मराठा पलटण तेथें होती. मारामारी हातबाँबांची झाली. भिंतीचा ढिगारा हीच सीमा. रात्र सरली तेव्हां किल्ला राखला गेला होता. शिबंदीजवळ खंदकांत वापरण्याची उखळी तोफ नव्हती, म्हणून तेथल्या इंजिनियरांनीं विमानाच्या इंजिनांतील सिलिंडर काढून त्याची उखळी बनविली. गरज ही कशी शिकविते पाहा!

कुटच्या सुटकेसाठीं निघालेल्या सैन्याचा इतिहास मात्र वाचवत नाहीं. 21 जानेवारी 1916 रोजीं हन्ना येथें तुर्कांच्या खंदकांवर हल्ला करण्यापूर्वीं भडिमार झाला तो अवघा दहा मिनिटांचा. चिखलांतून सुमारें चार हजार लोक निघाले. त्यांपैकीं सत्तावीसशेंच्या आसपास पडले किंवा घायाळ झाले. या हल्ल्यांत 97 वी डेक्कन इन्फंट्री होती. ही पलटण मूळची निजामाच्या खर्चानें चालणाऱ्या हैदराबाद कंटिंजंटची. हिंगोली, जालना, मोमिनाबाद म्हणजे आपलें अंबाजोगाई, औरंगाबाद हीं त्या फौजेचीं ठाणीं. मराठवाड्याच्या छावण्यांतून वाढलेल्या फौजेचे शिपाई इराकच्या चिखलांत अशा रीतीनें मेले. पुढें 8 मार्चला दुजैला येथें उलट चूक झाली. रात्रभर चालून सैन्य पहांटे पोंचलें, तेव्हां तुर्कांचे खंदक जवळजवळ रिकामे होते. परंतु तोफांचा नेम लावण्याची आज्ञा होती, म्हणून पायदळ तासन् तास थांबविलें. तुर्क येऊन भरले. हन्नाला भडिमार अपुरा झाला. दुजैलाला भडिमाराच्या नादांत वेळ गेला. तोफ आणि पायदळ यांची घडी घड्याळाच्या कांट्याप्रमाणें बसली पाहिजे, आणि तरीही समोर संधि दिसतांच ती मोडण्याची मुभा पुढच्या अधिकाऱ्याला असली पाहिजे, हें या दोन दिवसांकडे एकत्र पाहिलें म्हणजे पटतें.

एप्रिलांत विमानांतून धान्याचीं पोतीं कुटमध्यें टाकण्यांत आलीं. वेढ्यांतल्या सैन्याला आकाशमार्गें रसद पुरविण्याचा हा जगांतील अगदीं आरंभींचा प्रयत्न. पण तो पुरला नाहीं. 29 एप्रिल 1916 रोजीं, 147 दिवसांनीं, कुट पडलें. सुमारें तेरा हजार लोक कैद झाले. त्यांना सोडविण्याच्या प्रयत्नांत मेलेले व घायाळ झालेले तेवीस हजार. त्याच वर्षीं आलेल्या जनरल मोडनें मग घाई सोडली. रात्रीं चर पुढें पुढें खणीत न्यावयाचे, एका वेळीं एकच तुकडा घ्यावयाचा, तोफांचा मारा पायदळाच्या पुढें पुढें सरकत ठेवावयाचा. कंधारच्या वेढ्यांतला फावडेवाला हें पाहून चकित झाला नसता. 23 फेब्रुवारी 1917 ला निरनिराळ्या जागीं हूल देऊन मोडनें शुमरानपाशीं तैग्रिस ओलांडली, आणि 11 मार्चला बगदाद घेतलें. 117 व्या पलटणीला पुढें मेसोपोटेमियांतील कामगिरीबद्दल 'रॉयल' हा किताब मिळाला.

आतां घोडदळाकडे वळूं. हैदराबाद कंटिंजंटच्याच रिसाल्यांतून 20 वा डेक्कन हॉर्स निघाला. त्यांत दखनी मुसलमान, शीख, जाट असे स्वार असत. खंदकांत भगदाड पडलें म्हणजे त्यांतून दौडत जावें, एवढ्यासाठीं हे स्वार फ्रान्समध्यें दीड वर्षाहून अधिक काळ वाट पाहत बसले. 14 जुलै 1916 ला सोम नदीच्या आघाडीवर ती वेळ आली असें वाटलें. त्या पहांटे पायदळ रात्रींतच शत्रूच्या अगदीं जवळ जाऊन निजलें होतें. पांच मिनिटांचा भयंकर भडिमार होतांच तें उठलें आणि जर्मन फळी हातीं आली. सकाळीं हाय वुड हें रान जवळजवळ मोकळें होतें. परंतु तुडवलेल्या, खड्ड्यांनीं भरलेल्या वाटेनें घोडदळ येईपर्यंत संध्याकाळचे सात वाजले. तरीही डेक्कन हॉर्स आणि सातवे ड्रॅगून गार्ड्स भाले सरसावून उभ्या पिकांतून दौडले, समोर आलेल्यांना लोळविलें, कांहींना कैद केलें, आणि रात्रभर ती जागा धरून पहांटे परतले. स्वारांत कमतरता कसलीच नव्हती. संधि त्यांच्याआधीं निघून गेली होती.

तें रान पडलें दोन महिन्यांनीं, 15 सप्टेंबरला. त्याच दिवशीं त्याच आघाडीवर रणगाडा जगांत प्रथम लढाईस निघाला. गंमत अशी कीं, हाय वुडमध्यें तो झाडांच्या बुंध्यांत अडकून पडला; रान घेतलें तें पायदळानेंच. रणगाड्याचा खरा उपयोग 20 नोव्हेंबर 1917 ला कांब्रे येथें दिसला. आधीं भडिमार करून शत्रूला सावध करण्याचें टाळलें. तोफांचे नेम नकाशावरून, न झाडतां, बसविले. आणि रणगाड्यांनीं पाठीवर लांकडांच्या मोळ्या नेऊन त्या जर्मन खंदकांत टाकल्या व त्यांवरून पार झाले. किल्ल्याचा खंदक मोळ्यांनीं बुजविण्याची युक्ति आपल्याकडच्या वेढ्यांतही जुनीच होती. जर्मनांनीं दुसरा रस्ता धरला. हातबाँब, हलकी मशीनगन आणि लहान उखळी बरोबर घेतलेल्या निवडक तुकड्या भक्कम जागा टाळून मधल्या फटींतून आंत शिरत. मागून येणारे त्या जागा निवांतपणें उचलीत. इंग्रजांनींही फेब्रुवारी 1917 मध्यें आपली लहानांतली लहान तुकडी अशीच बदलली होती: तिच्यांतच बंदूकवाले, बाँबवाले, रायफलीनें बाँब फेंकणारे आणि हलक्या मशीनगनवाले असे चार प्रकार केले, आणि निर्णय सार्जंट-सुभेदारापर्यंत खालीं आला. 1914 सालीं पलटण ही एका हुकुमानें हलणारी भिंत होती. 1918 मध्यें ती अनेक डोक्यांची झाली. 8 ऑगस्ट 1918 ला आमिएन येथें तोफ, रणगाडा, विमान आणि पायदळ हीं चारही एका वेळापत्रकांत बसलीं, आणि तीं तीनशें यार्डं ओलांडतां येऊं लागलीं.

डेक्कन हॉर्स 1921 मध्यें 29 व्या लान्सर्सशीं एकत्र झाला. पुढें घोडे गेले. मार्च 1945 मध्यें ब्रह्मदेशांतील मेइक्टिलाच्या लढाईंत या रिसाल्याचे स्वार शर्मन रणगाड्यांत बसून लढले. आजही तो भारतीय सैन्याचा चिलखती रिसाला आहे.