मांडीवर घेतलेले राजे

१७९६ च्या उन्हाळ्यात पुण्यात एक दत्तविधान झाले. सवाई माधवराव पेशवे आदल्या ऑक्टोबरात वारले होते. वय एकवीस, पोटी संतान नाही. त्यांची विधवा यशोदाबाई वयाने अजून मुलगीच होती. तिच्या मांडीवर दत्तक म्हणून बसवला गेला तो बारा वर्षांचा चिमाजी आप्पा, रघुनाथरावांचा धाकटा मुलगा. नाते लावून पाहिले तर चिमाजी हा सवाई माधवरावांचा चुलत काका. म्हणजे काका पुतण्याचा मुलगा झाला, आणि साताऱ्याहून आलेली पेशवाईची वस्त्रे त्याच्या अंगावर चढली. थोरला भाऊ बाजीराव गादीवर येऊ नये, यासाठी कारभाऱ्यांनी केलेली ही खटपट होती. ती टिकली नाही. डिसेंबरात बाजीरावच पेशवा झाला आणि ज्या शास्त्रार्थाने दत्तक घेतला गेला होता, तोच उलटा फिरवून दत्तक रद्द ठरला.

या प्रसंगात यशोदाबाईंना कोणी काय विचारले, याची नोंद करावी असे कोणाला वाटले नाही. मराठी गाद्यांच्या वारसाहक्काचा इतिहास वाचताना मला हीच गोष्ट सतत टोचते. राजा कोण, पेशवा कोण, हे ठरवण्याचे साधन शेकडो वेळा एका विधवेची मांडी होती. काही बायकांनी ते साधन स्वतः वापरले, काहींचे दुसऱ्यांनी वापरले. आपण नावे लक्षात ठेवली ती मात्र मांडीवर बसलेल्या मुलांची.

युरोपातल्या राजघराण्यांचे नियम तुलनेने सरळ आहेत. रक्त हवे आणि क्रम हवा. ब्रिटनने २०१३ च्या कायद्याने मुलगा-मुलगी हा भेद काढला, स्वीडनने ते १९८० मध्येच केले. पण दत्तक मुलाला सिंहासन तिथे आजही नाही. जपानचा तर १९४७ चा राजघराणे कायदा सम्राटाच्या कुटुंबाला दत्तक घ्यायलाच मनाई करतो, आणि मुलींनाही गादी देत नाही. त्यामुळे पुढच्या पिढीत त्या घराण्याची सगळी भिस्त २००६ मध्ये जन्मलेल्या एका राजपुत्रावर आहे. आपल्याकडे असे अडून बसण्याची वेळ कधी आली नाही. औरस नसेल तर दत्तक, आणि नवरा दत्तक न घेताच वारला तर त्याच्या मागे विधवेने घ्यावा. बंगालात त्यासाठी नवऱ्याची स्पष्ट परवानगी लागे, मद्रासकडे ती नसेल तर भाऊबंदांची संमती लागे, मिथिलेत विधवेला हा अधिकारच नव्हता. महाराष्ट्रात मात्र नवऱ्याने मनाई केलेली नसेल तर विधवा आपल्या मुखत्यारीने दत्तक घेऊ शकते, असा अर्थ प्रमाण मानला गेला. मूळचे पैठणचे असलेल्या काशीच्या भट्ट घराण्यातल्या नीलकंठांचा ‘व्यवहारमयूख’ हा त्याचा मोठा आधार. धर्मशास्त्रातली ही एवढीशी मोकळीक, पण तिने महाराष्ट्रातल्या विधवा राणीच्या हाती राज्य दिले.

छत्रपतींच्या घरात पहिला पेच दत्तकाचा नव्हता, दोन औरस पुत्रांचा होता. ३ एप्रिल १६८० रोजी शिवाजी महाराज गेले तेव्हा थोरले संभाजीराजे पन्हाळ्यावर होते. रायगडावर सोयराबाई आणि अण्णाजी दत्तो यांनी दहा वर्षांच्या राजारामांना मंचकावर बसवले. निकाल लागला तो सेनापती हंबीरराव मोहिते यांच्या पारड्यावर. हंबीरराव सोयराबाईंचे सख्खे भाऊ, राजारामांचे मामा. तरीही ते संभाजीराजांच्या बाजूने उभे राहिले. पुढे संभाजीराजांच्या हत्येनंतर येसूबाईंनी आपला मुलगा शाहू हाताशी असताना राजारामांना पुढे होऊ दिले. हा त्याग आपल्या इतिहासात फार थोड्यांनी केला. १७०० मध्ये राजाराम वारले, त्यांच्या विधवा ताराबाईंनी आपल्या मुलाला गादीवर बसवले; १७०७ मध्ये शाहू मोगलांच्या कैदेतून सुटून आले आणि खेडच्या लढाईत धनाजी जाधव त्यांना जाऊन मिळाले. सातारा आणि कोल्हापूर अशा दोन गाद्या झाल्या, आणि १७३१ च्या तहाने वारणा नदी ही त्यांची हद्द ठरली. ताराबाई स्वतः मात्र १७१४ मध्येच सवत राजसबाईच्या कटात कैदेत पडल्या होत्या.

१५ डिसेंबर १७४९ रोजी शाहू निपुत्रिक वारले. जवळचा वारस कोल्हापूरचे संभाजी, पण त्यांना साताऱ्यावर आणायला शाहूंचाच विरोध होता. तेव्हा सत्तरी ओलांडलेल्या ताराबाईंनी आपला एक नातू लपवून वाढवला असल्याचे सांगितले, तोच रामराजा. ग्रँट डफ लिहितो की ताराबाईंनी जातभाईंसमोर रामराजाबरोबर अन्न घेतले आणि त्या अन्नाची शपथ वाहून तो आपला नातू असल्याचे सांगितले. रामराजा गादीवर आला. वर्ष संपायच्या आत त्यांनी त्यालाच साताऱ्याच्या किल्ल्यात कैद केले, कारण तो पेशव्यांविरुद्ध उभा राहीना; आणि १७५२ मध्ये जेजुरीला खंडोबासमोर त्याच बाईंनी तो आपला नातू नसल्याची शपथ घेतली. एकच मुलगा, दोन शपथा. ताराबाईंना यासाठी कपटी म्हणून मोकळे होणे मला पटत नाही. सबंध राज्यात वारस खरा की खोटा हे सांगू शकणारी त्या एकच व्यक्ती उरल्या होत्या आणि फौज नसलेल्या त्या बाईजवळ हे एवढेच शस्त्र होते. शपथ फिरली तरी रामराजा मात्र १७७७ पर्यंत छत्रपती राहिला, आणि वारण्यापूर्वी त्यानेही दत्तकच घेतला.

पोटातल्या बाळासाठी गादी थांबून राहिल्याची दोन उदाहरणे एकमेकांशेजारी ठेवण्यासारखी आहेत. ३० ऑगस्ट १७७३ रोजी शनिवारवाड्यात नारायणरावांचा खून झाला तेव्हा त्यांची पत्नी गंगाबाई गरोदर होती. बारभाईंनी, म्हणजे एकत्र आलेल्या कारभाऱ्यांनी, तिला पुरंदरावर नेले आणि रघुनाथराव पेशवा असतानाच तिच्या नावाने कारभार सुरू केला. १८ एप्रिल १७७४ रोजी मुलगा झाला, चाळिसाव्या दिवशी त्याला वस्त्रे मिळाली. तोच हा सवाई माधवराव. शंभर वर्षांनी बडोद्यात खंडेराव गायकवाड वारले तेव्हा त्यांच्या पत्नी जमनाबाई गरोदर होत्या. धाकटे भाऊ मल्हारराव गादीवर आले ते बाळंतपण होईपर्यंतच्या अटीवर. जमनाबाईंना जिवाची भीती होती, म्हणून त्या रेसिडेन्सीच्या आश्रयाला गेल्या. जुलै १८७१ मध्ये मुलगी झाली, तिचे नाव ताराबाई. मुलगी झाली म्हणून मल्हारराव कायम झाले. पुरंदरावर मुलगी झाली असती तर बारभाई काय करणार होते, हा प्रश्न इतिहासाची पुस्तके क्वचितच विचारतात.

ग्वाल्हेरची कहाणी तर दत्तकांचीच साखळी आहे. महादजी शिंद्यांच्या मागे भावाचा नातू दौलतराव आला, आणि महादजींच्या विधवांनी त्याच्याविरुद्ध हत्यार उचलले. ‘बायांचे बंड’ म्हणून ते ओळखले जाते. १८२७ मध्ये दौलतराव गेले, बायजाबाईंनी जनकोजीला दत्तक घेतले आणि सहा वर्षे राज्य चालवले. कागलच्या घाटग्यांची ही लेक, खजिन्याचा हिशेब जाणणारी. मुलगा मोठा होताच फौज त्याच्या बाजूला गेली, इंग्रजांनी हात झटकले आणि १८३३ मध्ये बाई ग्वाल्हेरबाहेर पडल्या. १८४३ मध्ये जनकोजीही निपुत्रिक वारले. त्यांची विधवा ताराबाई तेव्हा जेमतेम तेरा वर्षांची. तिने आठ वर्षांच्या भगीरथरावाला मांडीवर घेतले, तेच पुढचे जयाजीराव. तेरा वर्षांची आई आणि आठ वर्षांचा मुलगा! मुखत्यारी कोणाची यावरून दरबारात फळ्या पडल्या, आणि त्याच डिसेंबरात महाराजपूर आणि पनिआर इथे एकाच दिवशी इंग्रजांशी दोन लढाया झाल्या.

विधवेच्या या अधिकाराला खरा धक्का साताऱ्याने बसला. छत्रपती शहाजीराजे ५ एप्रिल १८४८ रोजी वारले, मरणशय्येवर त्यांनी दत्तक घेतला होता. १८१९ च्या तहात राज्य राजाला, त्याच्या वारसांना आणि उत्तराधिकाऱ्यांना दिलेले होते. गव्हर्नर जनरल डलहौसीचे म्हणणे असे की दत्तक मुलगा राजाच्या खासगी मिळकतीचा वारस होईल, श्राद्ध करील, पण राज्याचा वारस व्हायला सार्वभौम सत्तेची संमती हवी. मुंबईचे गव्हर्नर जॉर्ज क्लार्क या मताविरुद्ध होते, साताऱ्याचे रेसिडेंट बार्टल फ्रेअर यांनाही ते रुचले नव्हते. उपयोग झाला नाही, सातारा खालसा झाले. पदच्युत प्रतापसिंह महाराजांची बाजू मांडायला रंगो बापूजी तेव्हा लंडनमध्ये होतेच. एकंदर चौदा वर्षे त्यांनी तिथे दारे ठोठावली.

डलहौसीचा युक्तिवाद हवेतून आला नव्हता, हेही प्रामाणिकपणे लिहिले पाहिजे. सरदारांच्या वारसांकडून पेशवे नजर घेत आणि मगच वस्त्रे व सनद देत. मान्यता वरून यायची ही रीत जुनी. पण पेशव्यांनी नजर घेऊन वारसाला बसवले. कंपनीने नजरेची रीत दाखवून गादीच गिळली. या दोन गोष्टी एका मापाने मोजता येत नाहीत.

झाशीचे गंगाधरराव नेवाळकर २१ नोव्हेंबर १८५३ रोजी वारले. आदल्याच दिवशी त्यांनी पाच वर्षांच्या आनंदरावाला दत्तक घेतले होते. हा मुलगा खानदेशातल्या पारोळ्याच्या नेवाळकर शाखेतला. पोलिटिकल असिस्टंट मेजर एलिस स्वतः हजर होते, राजाने त्यांच्या हाती खलिता दिला. दत्तविधान यथासांग, सरकारी साक्षीदार समोर, भाऊबंद एका घराण्याचे. शास्त्राच्या बाजूने काही उणे ठेवले नव्हते. दुसऱ्या वर्षी झाशी खालसा झाली. लक्ष्मीबाईंचे अर्ज वाचले की त्यातला संयम थक्क करतो: तह, जुने दाखले, आसपासच्या संस्थानांत मान्य झालेले दत्तक. त्यांनी मागितली ती मुलाच्या नावाने कारभार करण्याची मुभा. ज्याच्यासाठी हे सगळे झाले तो आनंदराव, दत्तकानंतरचा दामोदरराव, १८५७ च्या रणातून वाचला, इंदूरला राहिला आणि १९०६ मध्ये वारला. नागपूरची गत तीच. तिसरे रघूजी १८५३ च्या डिसेंबरात गेले आणि भोसल्यांच्या राण्यांचे जवाहीर लिलावात गेले.

उठावानंतर इंग्रज शहाणे झाले. १८६२ मध्ये कॅनिंगने संस्थानिकांना दत्तकाच्या सनदा दिल्या. राज्ये वाचली, पण निवड बदलली. आता मुलगा राणीच्या मांडीवर बसण्याआधी रेसिडेंटच्या टेबलावर त्याची वंशावळ जाई. बडोद्यात मल्हाररावांवर रेसिडेंट फेअर यांना विष घातल्याचा आरोप आला. चौकशी समितीत तीन इंग्रज आणि तीन हिंदी सभासद होते, त्यांत ग्वाल्हेरचे जयाजीरावही होते. मते तीन-तीन अशी फुटली, तरीही १८७५ च्या एप्रिलमध्ये मल्हाररावांना गैरकारभारासाठी काढण्यात आले आणि त्यांच्या संततीचा हक्कही रद्द झाला. त्यांना औरस मुलगा होता. दत्तकाला नाकारणारी सत्ता औरसालाही बाजूला करू शकते, हे इथे दिसले.

मग जमनाबाईंना दत्तक घेण्याची परवानगी मिळाली. मालेगावजवळच्या कवळाणे गावातून काशीराव गायकवाडांची मुले बडोद्याला आणली गेली. घराण्याच्या दूरच्या शाखेतली, शेतीभातीत वाढलेली. कशासाठी आलात असे विचारल्यावर बारा वर्षांचा गोपाळ म्हणाला, राज्य करायला. असे अजून सांगतात. २७ मे १८७५ रोजी त्याचे सयाजीराव झाले. टी. माधवरावांसारखा दिवाण, इलियटसारखा शिक्षक, आणि पुढे १९३९ पर्यंतचा तो कारभार, हे सर्व मराठी वाचकाला ठाऊक आहे. तीन मुलांतून नेमका हा मुलगा निवडणाऱ्या बाईंबद्दल मात्र आपण इतके कमी बोलतो, याची मला खंत वाटते.

कोल्हापुरात लागोपाठ तीन दत्तक झाले. राजाराम महाराज १८७० मध्ये विलायतेहून परतताना फ्लॉरेन्सला वारले; तिथे त्यांचे स्मारक आहे. ते स्वतः दत्तक, त्यांच्यामागचे चौथे शिवाजी दत्तक. ते अहमदनगरच्या किल्ल्यात गोऱ्या पहारेकऱ्याशी झालेल्या झटापटीत डिसेंबर १८८३ मध्ये गेले. १७ मार्च १८८४ रोजी त्यांच्या विधवा आनंदीबाईंनी कागलच्या घाटग्यांचा दहा वर्षांचा यशवंत दत्तक घेतला. ते राजर्षी शाहू. शाहूंचे पुत्र राजाराम १९४० मध्ये वारले, त्यांच्यामागे दत्तक घेतलेले बालछत्रपती १९४६ मध्ये गेले. मग १९४७ मध्ये देवास थोरल्या पातीचे महाराज विक्रमसिंह पवार, शाहूंच्या मुलीचे चिरंजीव, आपली गादी मुलाला देऊन कोल्हापूरला दत्तक आले. मुलीचा मुलगा दत्तक घेऊ नये असा ब्राह्मणी शास्त्राचा दंडक होता, तो मराठ्यांच्या रिवाजापुढे चालला नाही. तिसऱ्या पिढीत शाहूंच्या रक्ताला गादी पुन्हा मिळाली ती लेकीकडून.

लेकीला स्वतःला ती का मिळाली नाही? त्रावणकोरच्या मातृवंशीय घराण्याने १९०० मध्ये वंश चालावा म्हणून दोन मुली दत्तक घेतल्या. भोपाळला इंग्रजांनी १८६० मध्ये सिकंदर बेगमला तिच्या स्वतःच्या हक्काने राज्यकर्ती मानले. मराठी संस्थानांत बाई ही सदैव कोणाच्या तरी वतीने.

अपवाद अहिल्याबाई होळकरांचा. १७६७ मध्ये मुलगा मालेराव गेला तेव्हा दिवाण गंगाधर यशवंत दत्तकाचा आग्रह धरून बसले. लहान मूल बसवले की कारभार त्यांच्या हाती, आणि राघोबादादांचा, म्हणजे रघुनाथरावांचा, त्याला पाठिंबा. अहिल्याबाईंनी दत्तक घ्यायला नकार दिला. राघोबा फौजेसह क्षिप्रेपर्यंत आले, तेव्हा त्यांनी शिंदे, भोसले, गायकवाड यांना पत्रे लिहिली आणि स्वतः लढायची तयारी केली. राघोबांना मालेरावाच्या दुखवट्याला आलो असे म्हणावे लागले. फौजेचे काम तुकोजी होळकरांकडे देऊन अहिल्याबाईंनी १७९५ पर्यंत महेश्वराहून राज्य चालवले. त्यानंतर शंभर वर्षांत ग्वाल्हेर, झाशी, नागपूर, बडोदे, कोल्हापूर इथे राज्य चालवण्याची कुवत असलेल्या विधवा होत्या. त्यांतल्या एकीलाही, तुम्हीच गादीवर बसा, असे ना दरबाराने म्हटले, ना रेसिडेंटने.