रिपोर्ट निगेटिव्ह, तरी धास्ती कायम

त्वचारोगतज्ज्ञांच्या दवाखान्यात अधूनमधून एक फाइल येते. प्लास्टिकची, जाडजूड, कोपरे मुडपलेली. आत एचआयव्हीचे रिपोर्ट तारखेप्रमाणे लावलेले, त्याखाली सिफिलिसची व्हीडीआरएल, मग हिपॅटायटिस बी, मग पुन्हा एचआयव्ही. लॅबही वेगवेगळ्या, कारण पहिल्या लॅबवर भरवसा उरलेला नाही. सगळ्या कागदांवर शब्द एकच, ‘नॉन-रिॲक्टिव्ह’, म्हणजे संसर्ग आढळला नाही. तरीही एका आकड्याभोवती बॉलपेनने गोल केलेला असतो. मागच्या वेळी ०.१२ होता, या वेळी ०.३१ कसा झाला? म्हणजे आजार आत वाढतोय का?

वाढत नाही. यंत्राने रक्तात टिपलेला संकेत आणि चाचणीची ठरलेली मर्यादा यांचा तो भागाकार असतो. या चाचण्यांत साधारणपणे उत्तर एकच्या आत आले की रिपोर्ट निगेटिव्ह; मग ते ०.१२ असो वा ०.३१. त्याच रक्ताचा नमुना त्याच यंत्रात पुन्हा घातला तरी आकडा थोडा इकडेतिकडे होतो. डॉक्टर हे समजावून सांगतात, पेशंटला पटतेही. दवाखान्याचा जिना उतरेपर्यंत पटलेले असते. खाली आल्यावर मनात पुन्हा पाल चुकचुकते.

या अवस्थेला ‘व्हेनेरिओफोबिया’ म्हणतात. लैंगिक संबंधातून होणारा आजार आपल्याला झालाच आहे किंवा होणारच, अशी ही धास्ती असते आणि तपासणी, पुरावा, डॉक्टरांचा शब्द यांपैकी कशानेही ती हटत नाही. जुन्या वैद्यकीय लिखाणात हिलाच ‘सिफिलोफोबिया’ म्हटलेले आढळते, कारण तेव्हा सिफिलिसचा, आपल्याकडच्या बोलीतल्या ‘गरमी’चा, धसका सगळ्यांत मोठा होता. एड्स आल्यावर भीतीने आपले लक्ष्य बदलले. स्वभाव तोच राहिला.

अलीकडे हा शब्द मात्र भलत्यांनाच चिकटवला जातो. मुख्य गोंधळ तिथेच आहे.

लाज म्हणजे फोबिया नव्हे

‘आपल्या समाजाला लैंगिक आरोग्याचा फोबिया आहे’ असे वाक्य भाषणांतून ऐकू येते. ऐकायला बरे वाटते, पण त्यात दोन वेगळ्या माणसांची गल्लत होते. जो संकोचापोटी दवाखान्याची पायरीच चढत नाही, त्याला फोबिया नाही. त्याला लाज आहे, किंवा माहिती नाही, किंवा त्याच्या गावात डॉक्टरच नाही. फोबिया असलेला माणूस नेमका उलटा वागतो. तो पायऱ्या चढायचे थांबतच नाही.

पहिल्या प्रकारचा सर्वांत बोलका पुरावा महाराष्ट्रातलाच आहे. डॉ. राणी बंग आणि डॉ. अभय बंग यांनी गडचिरोलीतल्या दोन गावांमधल्या ६५० स्त्रियांची तपासणी केली. १९८९मध्ये ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात तिचे निष्कर्ष छापून आले. ९२ टक्के स्त्रियांना स्त्रीरोग किंवा लैंगिक आजार होता आणि त्याआधी स्त्रीरोगासाठी तपासणी झालेल्या स्त्रिया जेमतेम आठ टक्के होत्या. अंगावरून पांढरे जाते, ओटीपोटात दुखते, आणि हे बाईच्या जातीला असायचेच म्हणून ती गप्प बसते. या बाईला ‘फोबिक’ म्हणणे म्हणजे व्यवस्थेचा दोष तिच्या मनावर ढकलणे. तिला समुपदेशन नको आहे. तपासणीचे टेबल, पडदा आणि नीट बोलणारी डॉक्टर हवी आहे.

संभोगाचीच भीती वाटणे हाही वेगळा प्रकार आहे, त्याला ‘जेनोफोबिया’ म्हणतात. कारणे वेगळी, उपचारही वेगळे. आणि ‘धातू जाते, म्हणून शक्ती जाते’ या चिंतेला मानसोपचारतज्ज्ञ नरेंद्र विग यांनी १९६०मध्ये ‘धात सिंड्रोम’ असे नाव दिले. त्यात भीती वीर्य गमावण्याची असते, संसर्गाची नव्हे. दोन्ही एकाच माणसात नांदू शकतात, आणि अनेकदा नांदतातही.

हा स्वतंत्र आजार आहे का?

नाही. व्हेनेरिओफोबिया हे वर्णन आहे, निदान नव्हे. जागतिक आरोग्य संघटनेच्या आजारांच्या यादीत, म्हणजे २०२२पासून लागू झालेल्या ‘आयसीडी-११’मध्ये, या नावाची नोंद नाही. अशा पेशंटचे निदान बहुतेक वेळा आरोग्यचिंतेच्या विकाराखाली बसते आणि या यादीने हा विकार मंत्रचळ व तत्सम विकारांच्या गटात ठेवला आहे. ही निव्वळ कारकुनी बाब नाही. हात धुतले तरी ते स्वच्छ झाले असे वाटत नाही, म्हणून पुन्हा धुणारा माणूस आणि रिपोर्ट काढूनही शंका फिटत नाही, म्हणून पुन्हा काढणारा माणूस, या दोघांच्या मनाची घडण एका जातीची आहे. उपचाराची दिशाही त्यावरूनच ठरते. काही जणांत ही धास्ती नैराश्याच्या पोटात दडलेली असते, आणि क्वचित ती भ्रमाच्या पातळीला जाते. म्हणून हा शब्द फाइलवर लिहून विषय मिटत नाही.

‘काहीतरी केले असेल, म्हणूनच घाबरतो’

शेजाऱ्यापाजाऱ्यांचे हे आवडते अनुमान. धास्तीच्या मुळाशी पुष्कळदा एखादा प्रसंग असतो हे खरे. लग्नाबाहेरचा एकच संबंध, मित्रांच्या आग्रहाने झालेली एखादी चूक, आणि त्यावर पुढे लग्न ठरल्याची बातमी. पण प्रसंगाचे आकारमान आणि भीतीचे आकारमान यांचा मेळ बसत नाही. काहींनी निरोध वापरलेला असतो. काहींच्या बाबतीत नुसते चुंबन झालेले असते. आणि काहींचा कुणाशीच संबंध आलेला नसतो. सार्वजनिक शौचालय, लॉजची चादर किंवा बसमध्ये शेजारी बसलेला माणूस एवढ्यावरही धास्ती जगते. एचआयव्ही डासांमुळे, मिठीमुळे, एका ताटात जेवल्याने किंवा शौचालयाच्या भांड्यावर बसल्याने पसरत नाही. हे चाळीस वर्षे सांगितले जात आहे, तरी पुन्हा सांगावे लागते.

खरा गुंता अपराधीपणाचा असतो. केलेल्या गोष्टीची शिक्षा मिळालीच पाहिजे असे आतून वाटत असले, की निगेटिव्ह रिपोर्ट म्हणजे शिक्षा पुढे ढकलल्यासारखी वाटते. अशा माणसाला ‘आता तरी सुधार’ असा उपदेश करणारा डॉक्टर धास्तीला खतपाणी घालतो.

शरीरावरचे ‘पुरावे’

इथे जरा थांबायला हवे, कारण बहुतेक धास्तीला इथूनच सुरुवात होते. रात्री बाथरूमचे दार लावून, मोबाइलचा टॉर्च पेटवून माणूस स्वतःचे शरीर तपासतो, आणि आजवर कधी पाहिलेच नव्हते ते त्याला प्रथमच दिसते. शिश्नमुंडाच्या कडेने ओळीने बारीक, गुळगुळीत, त्वचेच्याच रंगाचे मणी दिसतात. त्यांना ‘पर्ली पेनाइल पॅप्यूल्स’ म्हणतात. ते आजार नाहीत, चामखीळ नाहीत, कुणाला लागत नाहीत. शिश्नाच्या त्वचेवर, योनीच्या ओठांवर किंवा तोंडात ओठांच्या आतल्या बाजूला पिवळसर पांढरे ठिपके असतात; त्या तेलग्रंथी, ‘फोर्डाइस स्पॉट्स’. त्याही निरुपद्रवी. इंटरनेटवर चित्रे जुळवू लागलात तर दोन्ही चामखीळच वाटतील.

मग सुरू होतात उपाय, आणि ते आजारासारखी लक्षणे घडवतात. दिवसातून तीन-चारदा साबण किंवा जंतुनाशक लावून धुतले की तिथली नाजूक त्वचा लाल होते, सोलवटते, जळजळते. म्हणजे ‘लक्षण’ आले. स्राव येतो का ते पाहायला शिश्न पिळत राहिले की मूत्रमार्गालाच इजा होऊन जळजळ होते आणि कधी चिकट थेंबही येतो. म्हणजे ‘परमा’ (गनोरिया) झालाच. जांघेतली गाठ रोज बोटांनी चाचपली की ती दुखू लागते. आरशासमोर जीभ बाहेर काढली की तिच्यावर पांढरा थर दिसतोच. तो निरोगी माणसाच्या जिभेवरही असतो. अनुभवी त्वचारोगतज्ज्ञ म्हणूनच तपासताना विचारतात: दिवसातून किती वेळा पाहता, कशाने धुता?

स्त्रियांच्या बाबतीत पांढरे जाणे हाच मोठा ‘पुरावा’ ठरतो. पाळीच्या चक्राप्रमाणे बदलणारा, वास नसलेला स्राव नैसर्गिक असतो. खाज आणि दह्यासारखा स्राव बहुधा बुरशीमुळे होतो आणि त्यासाठी लैंगिक संबंध यावा लागत नाही. यावरून नवऱ्यावर किंवा बायकोवर संशय घेणारी घरे कमी नाहीत.

‘आणखी एकदा तपासू, म्हणजे मन निवांत होईल’

होत नाही. झाले असते तर ती फाइल जाड झालीच नसती.

संसर्ग झाल्यापासून चाचणीत दिसेपर्यंत काही काळ जातो, त्याला ‘विंडो पीरियड’ म्हणतात. हा शब्द धास्ती असलेल्या प्रत्येकाला तोंडपाठ असतो, पण तो काळ संपतो, हे त्याला पटत नाही. शिरेतून रक्त घेऊन प्रयोगशाळेत केलेली चौथ्या पिढीची एचआयव्ही चाचणी साधारण १८ ते ४५ दिवसांत संसर्ग पकडते. बोट टोचून केलेल्या झटपट चाचणीला ९० दिवसांपर्यंत मुदत लागू शकते. तीन महिन्यांनंतरची चाचणी निगेटिव्ह आली आणि मध्ये नवा धोका पत्करला नसेल, तर त्या प्रसंगापुरता विषय संपला. सहा महिने, वर्ष, पाच वर्षे असे पुढचे टप्पे ठरवत बसण्यात अर्थ नाही.

सिफिलिसच्या चाचणीत मात्र गोंधळाला खरोखर जागा आहे. व्हीडीआरएल कधीकधी सिफिलिस नसतानाही पॉझिटिव्ह येते: गरोदरपणात, मलेरियात, कुष्ठरोगात, ल्युपससारख्या आजारात. म्हणून टीपीएचएसारख्या दुसऱ्या चाचणीने खात्री करून घ्यावी लागते. ही टीपीएचए यशस्वी उपचारांनंतरही बहुधा जन्मभर पॉझिटिव्ह राहते. बरा झालेला माणूस दहा वर्षांनी तो कागद पाहून हादरतो, कारण हे त्याला कुणी सांगितलेलेच नसते. दोष सांगणाऱ्यांचा.

आणि ‘तुमच्या समाधानासाठी’ म्हणून दिलेले पेनिसिलिनचे इंजेक्शन किंवा अँटिबायोटिकची पट्टी? पेशंटच्या दृष्टीने तो कबुलीजबाब असतो. आजार नव्हता तर औषध का दिले?

भीती राखण करते, हाही समजच

भीती आहे म्हणून तरुण ताळ्यावर राहतात, असे मानणारे पालक आणि काही शिक्षकही भेटतात. भीतीने निरोध वापरला जात नाही, आणि लक्षणे दिसल्यावर भीतीमुळे माणूस दवाखान्यात न जाता भिंतीवर रंगवलेल्या ‘गुप्तरोग, शर्तिया इलाज’च्या पत्त्यावर जातो. अशा जाहिरातींना १९५४च्या औषधे व जादुई उपाय कायद्याने बंदी आहे. सिफिलिस आणि परम्याची नावे कायद्याच्या परिशिष्टातच आहेत. भिंती तरीही रंगतात. र. धों. कर्व्यांनी १९२७पासून ‘समाजस्वास्थ्य’ या मासिकात वाचकांच्या लैंगिक प्रश्नांना सरळ उत्तरे दिली आणि त्यापायी खटले सोसले. शंभर वर्षे होत आली, तरी सरळ उत्तराची टंचाई आहेच.

आजार खरे आहेत, हे विसरायचे कारण नाही. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजानुसार २०२०मध्ये क्लॅमिडिया, परमा, सिफिलिस आणि ट्रायकोमोनास या चार आजारांचे जगभरात ३७ कोटी ४० लाख नवे संसर्ग झाले. चारही औषधांनी बरे होतात. एचआयव्ही पूर्ण बरा होत नाही, पण औषधे नियमित घेऊन रक्तातला विषाणू चाचणीत दिसेनासा झाला आणि तसाच राहिला, तर लैंगिक संबंधातून जोडीदाराला संसर्ग होत नाही. आणि खरोखरच धोक्याचा संबंध घडला असेल, तर ७२ तासांच्या आत डॉक्टर गाठून २८ दिवसांचे प्रतिबंधक औषध सुरू करता येते. तिथे घाई कामाची. सहा महिन्यांनी सहावा रिपोर्ट काढण्याची घाई कामाची नाही.

या धास्तीवर उपचार आहेत आणि ते लागू पडतात. वर्तन आणि विचार बदलणारी मानसोपचार पद्धती, गरजेप्रमाणे एसएसआरआय गटातली औषधे, आणि एक कडू पथ्य: रिपोर्ट, आरसा आणि इंटरनेट हळूहळू बंद. घरच्यांसाठीही पथ्य आहे. ‘काही नाही रे तुला’ हे दिवसातून दहादा म्हणणे थांबवायचे, कारण प्रत्येक दिलासा पुढच्या शंकेची सोय करून ठेवतो. अडचण एवढीच, की त्वचारोगतज्ज्ञ मानसोपचारतज्ज्ञाकडे चिठ्ठी देतात तेव्हा ‘मला वेडा ठरवता का’ म्हणून पेशंट ती चिठ्ठी टाकून देतो आणि चौथा त्वचारोगतज्ज्ञ शोधतो.

तेव्हा एवढेच करा. शंका असेल तर सरकारी रुग्णालयातल्या आयसीटीसी केंद्रात एचआयव्हीची चाचणी मोफत करून घ्या. २०१७च्या एचआयव्ही-एड्स कायद्याने तुमची संमती घेणे आणि निकाल गुप्त ठेवणे त्यांच्यावर बंधनकारक आहे. माहितीसाठी १०९७ हा मोफत क्रमांक आहे. मुदत उलटल्यानंतरचा रिपोर्ट निगेटिव्ह आला आणि तरीही झोप लागत नसेल, तर पुढचा फोन लॅबला करू नका. १४४१६ला करा, तो टेली-मानस या सरकारी मानसिक आरोग्य सेवेचा क्रमांक आहे, आणि तिथे मराठीत बोलता येते.